आईसारखं पडून राहणं

ताई,

इथूनच तुझ्या पाया पडते. मी मजेत आहे, जेवणही वेळेवर होतं. आईच्या पाठीची जखम सुकली का?

माझ्या नव्या प्रयोगात मी दिवसभर कलादालनात खाटेवर आईसारखी निपचित पडून असते. हसू नकोस, हेच माझं काम. लोकांनी मला हवं तसं हलवावं, मी मात्र बोलायचं नाही. लोक फोटो काढतात, वाहवा करतात.

काल एक आजी आल्या. उशी सारखी करत म्हणाल्या, "बाळा, कूस बदलून देऊ? पाठ अवघडली असेल." मला रडूच कोसळलं. प्रयोग तिथेच मोडला.

आईचं दुखणं मी इथे मांडलं, आणि तिला रोज उचलणारी तू त्यात कुठेच नव्हतीस. तुझी पाठ कशी आहे गं?

तुझीच,
धाकटी