गोदामाच्या छताबद्दलचा माझा जबाब

मी, वय एकोणतीस, अग्निशमन केंद्रातला फायरमन (मधली तीन वर्षं स्टेशन ऑफिसर), हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, कुणाच्याही दबावाशिवाय सांगतोय. दोन्ही हात बँडेजमध्ये आहेत, म्हणून धाकटी बहीण लिहून घेतेय. उद्या सकाळी ऑपरेशन आहे. डॉक्टर म्हणतात होप ठेवा, पण माझ्या फुफ्फुसांचे एक्स-रे मी पाहिलेत.

१. बँकेतलं जे असेल ते, घरातलं सामान आणि स्कूटर बायकोला. मागचा ब्रेक लागत नाही, आधी तो करून घे.

२. माझी फायर इंजिनिअरिंगची पुस्तकं, नोट्ससकट, केंद्राला. जेवतानाही मी ती वाचत बसायचो. माझ्याच बॅचचा लंबू म्हणायचा, "अरे, आग काय पान नंबर बघून लागते का?" गोदामाच्या आगीत लंबू गेला. माझं घड्याळ त्याच्या आईला द्यावं असं मनात होतं. पण तिला माझी वस्तू नको असेल. ते बहिणीने ठेवावं.

३. चुलतभावाला काहीही नाही. माझं डिमोशन झालं त्या दिवशी फॅमिली ग्रुपवर त्याने "साहेब लँड झाले" असं टाकलं होतं. त्यावर किती जण हसले ते मी मोजत होतो, तेराव्यापर्यंत.

४. कोर्टातली केस. चार वर्षांपूर्वी मी खात्याची परीक्षा पहिल्या नंबराने पास झालो आणि बावीस वर्षं नोकरी झालेल्या मामांना मागे टाकून स्टेशन ऑफिसर झालो. मामा नात्याने नव्हे, अख्खं केंद्र त्यांना मामा म्हणतं. ते आणि जुने फायरमन कोर्टात गेले. सेवाज्येष्ठता डावलली म्हणून माझं प्रमोशन रद्द झालं. मी परत फायरमन, मामा माझ्या खुर्चीत. पहिल्याच दिवशी त्यांनी केबिनमध्ये बोलावलं. "बस रे, चहा घे." मी म्हणालो, "ऑर्डर असेल तर बसतो, सर." मग मी अपील केलं. ते अजून चालू आहे.

वकील म्हणतात, हॉस्पिटलमध्ये मी दिलेल्या जबाबावर केस फिरेल. जबाब असा: छत पडणार हे मी मामांना सांगितलं होतं, तरी त्यांनी आम्हाला आत पाठवलं. त्यावरून मामा सस्पेंड झालेत.

मी सांगितलं नव्हतं.

("दादा, हे नको ना." लिही.)

गोदामाच्या मागून पाणी मारताना मला छताची लोखंडी तुळई वाकलेली दिसली. मामा पुढच्या दाराशी होते, त्यांना ती दिसणं शक्यच नव्हतं. वॉकीटॉकी माझ्या खांद्यावर होता. त्यांनी मला आणि लंबूला आत जायला सांगितलं. मी गप्प राहिलो. वाटलं, दोन मिनिटांत बाहेर येऊ, मग सगळ्यांसमोर विचारेन, एवढा अनुभव असून साहेबांना तुळई कशी दिसली नाही? छत त्याआधीच खाली आलं.

चौकशीत मामांनी सांगितलं, "पोरगा खोटं बोलणार नाही. आवाजात मलाच ऐकू आलं नसेल." परवा ते काचेपलीकडे उभे होते. मी डोळे मिटून घेतले.

("वहिनीचं काय? केस हरलो तर क्वार्टर जाईल." माहीत आहे. लिही.)

५. केस पुढे चालवायची की नाही, हे बायकोने ठरवावं. पण त्या जबाबावर चालवायची नाही.

६. माझ्या मरणाची वाट बघायची नाही. याची एक प्रत आजच, ऑफिस बंद व्हायच्या आत, चौकशी अधिकाऱ्यांना द्यायची. संध्याकाळी मी "थांब" म्हणालो तरी थांबायचं नाही. मी म्हणेन, मला माहीत आहे.

वाचून दाखवलं, बरोबर आहे. सही जमत नाही, डाव्या पायाचा अंगठा उठवला आहे.

साक्षीदार: दिवसपाळीची नर्स (सही), वॉर्डचे डॉक्टर (सही)
जळीत वॉर्ड, खाट सहा. बुधवार, दुपारी साडेतीन.

प्रत चार पन्नासला दिली. पोच जोडली आहे.
— धाकटी बहीण