आरमाराचा सल्लागार

११ नोव्हेंबर

पोचले एकदाची! शहाद्याहून धडगाव, धडगावहून मोलगी, आणि मोलगीच्या बाजारातून जीप. जीपमध्ये माझ्या मांडीवर कुणाची तरी कोंबडी होती आणि टपावर आमची कापडाची गाठोडी. शेवटचा घाट उतरताना एकदम खाली नर्मदा दिसली. नदी कसली, समुद्रच. धरणाचा फुगवटा इथवर आलाय, डोंगरांच्या कुशीत पाणी घुसलंय. मी जीपमध्ये टाळ्या वाजवल्या. कोंबडीवाल्या बाई हसल्या.

माझं पहिलं खरं काम. मालिकेची वेशभूषा, आणि सगळी माझ्या एकटीकडे. पप्पांनी दोन आठवडे अबोला धरला होता. कापडाच्या दुकानात वाढलेल्या मुलीने जंगलात जाऊन नटांच्या चड्ड्या शिवायच्या, हे हुकमीचंदजींना कसं पटावं! ते ओरडत नाहीत. नुसतं ‘रूपल’ म्हणतात आणि गप्प बसतात. आजवर त्या गप्प बसण्यापुढे मी दर वेळी हरले. या वेळी नाही.

मालिका एका आरमाराची आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काही वर्षं आधी जपान्यांनी चीनचा ईशान्य भाग बळकावला, तिथे मांचुकुओ नावाचं राज्य उभं केलं, गादीवर एक बादशहा बसवला. झेंडा, नाणी, तिकिटं, सगळं होतं. हुकूम मात्र जपानचा. त्या राज्याचं छोटंसं आरमारही होतं. समुद्रावर कमी, नदीवरच जास्त. खलाशी तिथले, कप्तानही बऱ्याचदा तिथलाच. आणि त्याच्या मागे एक जपानी सल्लागार. तो फक्त सल्ला द्यायचा. तो सल्ला मोडायची कुणाची छाती नव्हती. आमच्या कथेत शेवटी खलाशी सल्लागाराला मारून बोट घेऊन पळतात.

ती तिकडची नदी इथे उभी करायची आहे. एका मालवाहू लाँचला प्लायवूड ठोकून, राखाडी रंग मारून तोफनौका केली आहे. लांबून खरी वाटते. जवळून बाजारातलं स्वस्त फर्निचर.

१३ नोव्हेंबर

तंबूत शिवणयंत्र बसवलं. खलाशी म्हणून वरच्या पाड्यांवरचे पावरा आदिवासी घेतलेत. टोप्या घातल्या की लांबून तिकडचे खलाशी म्हणून खपतात. प्रत्येकाला गणवेशाच्या आत पातळ लाइफ जॅकेट घालायचं आहे, म्हणून मी सगळे अंगरखे मुद्दाम ढगळ शिवलेत.

लाँच चालवतो सुकलाल. त्यानेच दाखवलं, पाण्याच्या मधोमध बोट करून: तिथे खाली त्याचं जुनं गाव. घर, आंब्याची झाडं, देवाची जागा. तो लहान असताना गाव उठलं. आता तो रोज आपल्याच घरावरून लाँच नेतो. हे त्याने अगदी साधेपणाने सांगितलं. मी त्याला खाखरा दिला.

स्वयंपाकाला शहाद्याकडच्या जमनाबाई आहेत. माझ्यासाठी कांदा-लसूण न घालता वेगळी डाळ करतात आणि वर बडबडतात, ‘इतली बारीक पोर, दाळ खाईसन काय व्हई!’

१५ नोव्हेंबर

आज पहिलं चित्रण. दिग्दर्शक सर खूश. सहायक दिग्दर्शक सीमा दिवसभर कर्णा घेऊन ओरडत होती, संध्याकाळी घसा बसला. माझे गणवेश पडद्यावर फार सुंदर दिसतात, हे मी स्वतःच लिहून ठेवते, दुसरं कोण लिहिणार.

एक गोष्ट खटकली. सल्लागाराचं काम करणारा माणूस आज आला. कप्तानाच्या मागे हात बांधून उभा राहिला, सुरेख राहिला. पण त्याचा कोट माझा नाही. मी सल्लागारासाठी शिवलेला कोट अजून माझ्याच पेटीत आहे. त्याचा होता जाड लोकरीचा, काजं हाताने केलेली, इतकी बारीक की मला हेवा वाटला. खालची कड ओली होती.

सीमाला विचारलं. ती म्हणाली, सरांनी आणलेले इतिहासाचे सल्लागार असतील, तेच भूमिका करत असतील. सरांना विचारलं. ते म्हणाले, सीमाने आणलाय ना? छान माणूस आहे.

१६ नोव्हेंबर

कप्तानाची कॉलर नीट करत होते. मागून आवाज आला, ‘रूपल.’ आणि मग शांतता.

मी कॉलरचं वरचं बटण काढून टाकलं. तसं करायचं कुणी सांगितलं नव्हतं, म्हणजे सांगितलं होतं, मारवाडीत, आम्ही घरी बोलतो तसं, त्याच सुरात. वळून पाहिलं तर तो सल्लागार. चेहरा अगदी सभ्य.

जेवताना मी गंमत म्हणून सांगितलं की हे गृहस्थ मारवाडी बोलतात. सीमा म्हणाली, काहीतरीच, ते मालवणी बोलतात. तिला वाढवलं त्या आत्यासारखंच. जमनाबाईंनी वाढता वाढता पळी थांबवली. ‘मन्हा मालकसारखा बोलस तो,’ त्या म्हणाल्या. त्यांचे मालक वारले त्याला बरीच वर्षं झाली.

आम्ही हसलो. सीमा जरा उशिरा हसली.

१८ नोव्हेंबर

मला आज जे झालं ते जसंच्या तसं लिहायचं आहे.

दुपारी तंबूत आले तेव्हा टेबलावर अंगरख्यांचा ढीग होता, घडी घातलेला. सगळ्यांच्या बाजू आत घेतलेल्या. टाके माझे. माझी टीप मी ओळखते, शेवटी मी दोनदा मागे नेते. बोट दुखत होतं, सुई टोचल्याचं रक्त अंगठ्यावर होतं. सकाळपासून मी हेच करत होते. आठवतंय मला. फक्त का करत होते ते आठवत नाही. ‘ढगळ दिसतात, रूपल.’ एवढंच.

आता त्या अंगरख्यांच्या आत जॅकेट बसत नाही. एकाच्याही.

सरांनी शेवटही बदललाय. सल्लागार सुचवतात आणि सरांना पटतं. आता खलाशी कुणाला मारत नाहीत. नदीच्या मधोमध बोट थांबते, सल्लागार एक शब्द बोलतो, आणि खलाशी रांगेने पाण्यात उतरतात. सर म्हणाले, किती शांत शेवट आहे.

आज काठाशी तालीम घेतली. कमरेएवढं पाणी. तो काहीतरी म्हणाला आणि पहिली रांग चालत पाण्यात गेली. कुणी खाली पाहिलं नाही. पाणी छातीला लागलं तरी चालतच होते. शेवटी सुकलालने भोंगा वाजवला, तेव्हा थांबले.

सुकलालला विचारलं, तुला कसा आवाज येतो? तो दोर गुंडाळू लागला. मग म्हणाला, गाव उठवायला साहेब आला होता, तसा. ‘तेव्हा बोलला, वर जा. आम्ही गेलो. आता बोलतो, खाली जा. तुमचं घर तसंच आहे, जा.’

१९ नोव्हेंबर

सगळे टाके उसवायला बसले. हात जड. एक बाजू उसवली की विसरायला होतं मी काय करत होते. जमनाबाई चूल सोडून आल्या, शेजारी बसल्या आणि उसवू लागल्या. मी त्यांना सांगितलं, सगळं. मला वाटलं हसतील.

म्हणाल्या, सकाळी त्यांनाही हाक आली होती. सामान भर, नदीवर चल. ‘मालक जिता व्हता तवय बी मी त्यानं कवय ऐकं नही. आते काय ऐकू?’

मला रडू आलं, आणि हसू पण. मग त्या गंभीर झाल्या. म्हणाल्या, तू मात्र ऐकणारी शेस. चाल मन्हासंगे, मोलगीनी जीप धरू.

त्या गेल्या. जाताना वरच्या पाड्यावर सुकलालच्या बायकोला, रेवाबाईला, सगळं सांगून जाणार आहेत. मी राहिले. सगळे अंगरखे उसवायचेत म्हणून राहिले. असं मी ठरवलं.

मी ठरवलं ना?

२० नोव्हेंबर

नेटवर्कसाठी डोंगर चढले. पप्पांना फोन लावला. महिन्याभरात पहिल्यांदा.

पप्पांचा आवाज किती म्हातारा झालाय! आधी नुसतंच खोकले. मग म्हणाले, जेवतेस का? थंडी आहे का तिकडे? घरी ये बेटा, तुझ्या कामाबद्दल मी काही बोलणार नाही. मागे दुकानात कुणीतरी भाव विचारत होतं, आणि ते त्याला थांब म्हणाले. गिऱ्हाइकाला थांब म्हणाले!

काठावरचा तो आवाज पप्पांचा नाही. खाली जो बोलतो त्याच्यात पप्पांचा खोकला नाही, ‘बेटा’ नाही. ते नुसतं माझ्या मनातलं भय आहे, पप्पांचा सूर लावलेलं. मी उगीच त्याला पप्पा म्हणत होते.

मी त्यांना उद्या निघते म्हणाले. नक्की म्हणाले.

उतरताना पाय हलके होते. काठावर तो उभा होता, पाठमोरा. मला वाटलं, आता ओळखलंय तुला, आता काय करशील.

तो म्हणाला, ‘रूपल.’

मी थांबले.

ओळखून काही होत नाही.

२१ नोव्हेंबर

सकाळी पाड्यावरून बायका आल्या. पुढे रेवाबाई. सगळ्या एकदम बोलत होत्या, पावरीत, आपापल्या माणसाचं नाव घेऊन. शिव्याही असाव्यात. तो मागे उभा राहून बोलतच होता, पण त्या कलकलाटात त्याचं ऐकू येईना. एकेक जण टोपी काढून बायकोबरोबर डोंगर चढू लागला. सुकलाल शेवटी निघाला. रेवाबाईने त्याचं मनगट धरलं होतं. त्याने लाँचची किल्ली माझ्या हातात दिली, म्हणाला, ताई, पाण्यात टाका आणि चला.

पाड्यावरचे सगळे सुटले. मी काठावर बसून मोठ्याने रडले. आनंदाने.

किल्ली टाकायला गेले.

किल्ली सरांकडे आहे. मी दिली. मी—

दुपार

सरांना सांगितलं, चित्रण थांबवा, खलाशीच नाहीत. ते म्हणाले, गणवेश तर आहेत ना.

सीमाचा दंड धरून हलवलं. तिने ऐकलं, सगळं ऐकलं, डोळ्यांत पाणी आलं, म्हणाली जीप बोलव, आत्ता निघू. मग माझ्या खांद्यावरून मागे पाहिलं. म्हणाली, आत्ये, येते.

कॅमेरावाले, दिवेवाले, सीमा, कप्तान झालेला तो बिचारा मिझो नट, सगळे रांगेत. मी मापं घेतेय. घ्यायची गरजच नव्हती. अंगरखे सगळ्यांना बरोबर बसतात, उसवलेल्या बाजूही परत शिवलेल्या.

एक उरलाय. माझ्या मापाचा. तो मी कधी शिवला—

कॅमेरा काठावर चालू ठेवलाय. त्याच्यामागे कुणी नाही.

लाँचवर

डायरी अंगरख्यात लपवून आणली. लिहितेय तोवर हात माझा आहे. म्हणून लिहितेय.

इंजिन चालू आहे. सुकाणूच्या चाकाजवळ कुणी नाही.

जॅकेट एकाकडेही नाही. मी दोनदा ओरडायला गेले. दोन्ही वेळा ‘जी’ एवढंच निघालं.

सर सर्वांत पुढे. ते कुणाशी तरी बोलतायत, लहान मुलासारखे, हो हो म्हणतायत. सीमाने चपला काढून बाजूला ठेवल्या—

मधोमध

इंजिन थांबलं.

पाणी नितळ. खाली छपरं दिसतात. दिसायला नकोत इतकी खोल—

पुढची रांग गेली. आवाज नाही. सर गेले. शिंतोडा पण नाही—

मिझो नट माझ्याकडे बघतोय. त्याला कुणाचा आवाज येतो मी विचारलंच नाही—

सीमा

सीमा, हात दे, हात—

पप्पा खोकतात. पप्पा बेटा म्हणतात. पप्पा गिऱ्हाइकाला थांब म्हणतात. हे धरून ठेवायचं. खोकतात, बेटा म्हणतात, खोकतात

मागे आला. कोटाचं पाणी माझ्या मानेवर—

खोकला.

तो खोकला. अगदी तसाच. म्हणतोय, चल बेटा

बसून राहायचं. मी उठणार नाही. मी उठणार नाही. मी उठ—