खालच्या मजल्यावरची वेळ

मी, नेत्रा दत्तात्रय नरगुंदकर, वय सेहेचाळीस, अविवाहित, पदार्थविज्ञानाची प्राध्यापिका, राहणार सप्तापूर, धारवाड, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय स्वहस्ते लिहीत आहे. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेलं नाही. पुढच्या सोमवारी माझ्या हृदयाची झडप बदलायची आहे. बुद्धी शाबूत आहे. मन शाबूत आहे असं लिहिणार नाही, कारण ऑगस्टमध्ये माझी अक्का गेली.

१. आमच्या वडिलांनी, अण्णांनी, घराचा खालचा मजला अक्काच्या, म्हणजे शकुंतलेच्या नावे केला आणि वरचा माझ्या. वरचा मजला मी अक्काची मुलगी वेदश्री हिला पूर्ण मालकी हक्काने देते. जिन्याच्या दाराला मी बसवलेली कडी तिने पहिल्याच दिवशी काढून टाकावी.

२. स्वयंपाकघरातला पितळी खलबत्ता अक्काचा आहे. अकरा वर्षं तिने मागितला नाही, मी दिला नाही. तो खाली जावा.

३. माझ्या सतरा वह्या माझा विद्यार्थी साकेत याला द्याव्यात. जमिनीजवळ गुरुत्वाकर्षण जास्त, म्हणून तिथे काळ हळू चालतो. उंचावर किंचित जलद. याला कालविस्फारण म्हणतात. आमच्या दोन मजल्यांत अकरा वर्षांत सेकंदाचा एक कोटीवा भाग एवढा फरक पडला. पण पुंजयामिकी, म्हणजे क्वांटम मेकॅनिक्स, म्हणते, एकच अणू एकाच वेळी वरही असू शकतो आणि खालीही. मग त्याचं वय कोणत्या मजल्याचं धरायचं? याचं पूर्ण उत्तर मला सापडलं नाही. साकेतने शोधावं, घाई करू नये.

४. आता अण्णांच्या तिथीबद्दल. वेदश्रीने परवा विचारलं, "मावशी, यंदा अज्जांचं श्राद्ध कधी करायचं? आईच्या दिवशी की तुझ्या?" त्याचं उत्तर इथे लिहिते.

अण्णा मार्गशीर्षात, दिवेलागणीला, खालच्या खोलीत गेले. अक्का त्यांचा हात धरून बसली होती. तिने भिंतीवरच्या घड्याळात पाहिलं: सहा वाजून अकरा मिनिटं. पंचांगाप्रमाणे वद्य सप्तमी सहा तेराला संपत होती. मी वर पेपर तपासत होते. हाक ऐकून खाली आले, मनगटावरचं घड्याळ पाहिलं आणि नंतर गुरुजींनी वेळ विचारली तेव्हा त्यांच्यासमोर म्हणाले, "अक्का, तुझं घड्याळ चार मिनिटं मागे आहे. सहा पंधरा झाले होते. अष्टमी लागली होती."

"सुम्मनिरु! गप्प बस गं," अक्का म्हणाली. "हात माझ्या हातात होता. तुझ्या घड्याळाला काय कळतं?"

"घड्याळालाच कळतं, अक्का. हाताला कळत नाही."

हे वाक्य मी बोलले. तिने ते विसरू नये असंच तेव्हा मला वाटलं, आणि ती विसरलीही नाही.

तेव्हापासून खाली सप्तमीला पान वाढलं गेलं, वर अष्टमीला. वेदश्री तेव्हा अकरा वर्षांची. ती दोन्हीकडे जेवायची आणि जिन्यात ओरडायची, "अज्जांची मजा आहे, दोनदा वडे!" आमच्या घरात वर आणि खाली दोन्हीकडे असणारी तेवढी एकच होती.

मी वर्गात दरवर्षी शिकवते की सगळ्या जगाची मिळून एक खरी वेळ नसते; ज्याच्याजवळ जे घड्याळ असतं, त्याचा काळ तेच मोजतं. अक्काचं घड्याळ गुरुत्वाकर्षणाने मागे पडलं नव्हतं, त्याची स्प्रिंग सैल होती, हे मला माहीत आहे. हिशेब माझाच बरोबर होता. पण अण्णांजवळ अक्का होती, मी नव्हते. मी चौदा पायऱ्या वर होते. माझी वेळ खरी ठरली, तर त्या खोलीत माझाही थोडा वाटा राहील, एवढ्यासाठी मी भांडले. हे अक्काला सांगायला अकरा वर्षं होती.

ऑगस्टमध्ये वेदश्रीने हाक मारली, "मावशी, लवकर ये!" या वेळी मी पोचले. अक्काचा हात माझ्या हातात होता. ती डोळे मिटूनच म्हणाली, "आलीस? जिन्याची चढउतार करू नकोस गं, तुला धाप लागते." बस, एवढंच. नंतर गुरुजींनी वेळ विचारली. मनगटावर नऊ चव्वेचाळीस झाले होते. मी भिंतीकडे पाहिलं आणि म्हणाले, "नऊ चाळीस." वेदश्रीने माझ्या मनगटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

म्हणून लिहून ठेवते: अण्णा सप्तमीला गेले. श्राद्ध सप्तमीलाच करावं, खालच्या मजल्यावर. मी असले तर मीही तिथेच बसेन.

५. लॅमिंग्टन रोडवरून अण्णांनी पहिल्या पगारात घेतलेलं ते खालच्या भिंतीवरचं घड्याळ वेदश्रीचंच आहे. माझी फक्त विनंती: किल्ली रविवारी द्यावी आणि काटे कोणाच्याही सांगण्यावरून पुढे करू नयेत.

६. माझी वेळ कोणी विचारली, तर उशाशी जो असेल त्याने सांगावी. ती तपासू नये.

वर लिहिलेलं मी पुन्हा वाचलं, मला मान्य आहे, आणि खालील दोघांच्या देखत सही केली. त्या दोघांनीही माझ्या देखत सह्या केल्या.

सही: नेत्रा दत्तात्रय नरगुंदकर

साक्षीदार:
१. अंबूताई कुलकर्णी, शेजारी, सप्तापूर
२. मुकुल देशपांडे, वकील, धारवाड

ठिकाण: सप्तापूर, धारवाड. अक्काच्या टेबलाशी.
दिनांक: २५ नोव्हेंबर २०२५
वेळ: भिंतीवरच्या घड्याळाप्रमाणे पाच वाजून वीस मिनिटं.