न धुतलेल्या चांदण्या

मुंबई,
ता. १४ नोव्हेंबर १९६३

ती. स्व. मामा यांस,
कमळाकरचा शि. सा. न. वि. वि.

आपण एसटीने पाठवलेलं पोतं पोचलं. विठूमामा जे तारामासे जाळ्यातून शिव्या घालून परत दर्यात भिरकावतात, ते सध्या आमच्या प्रयोगशाळेत काचेच्या भांड्यांत मानाने बसले आहेत. उरणच्या बंदरावर हे कुणाला सांगितलं तर मला वेड्यात काढतील, म्हणून आपणच आपल्या मेहुण्याला हळूहळू सांगावं.

तारामासे स्पिरिटात उकळून त्यांचा अर्क काढला. तो पाण्यात घालून हलवला तर रिठ्यासारखा फेस आला. मग त्यातला एक थेंब रक्तावर सोडला आणि सूक्ष्मदर्शकातून पाहिलं, तर तांबड्या पेशी भराभर फुटत होत्या. सर म्हणाले, जे द्रव्य एक पेशी फोडू शकतं ते योग्य मात्रेत सूज उतरवू शकेल, नको असलेली गाठ वाढायची थांबवू शकेल. ‘शकेल’ या शब्दावर त्यांनी जोर दिला होता, म्हणून मीही देतो. औषध व्हायला वर्षं लागतात. पण माझी शिष्यवृत्ती मार्चनंतर चालू राहायची की नाही, ते मात्र याच कामावर ठरणार आहे. तेव्हा आणखी माल हवा.

एक लिहावं की नाही अशा विचारात होतो. वासाने फार पंचाईत केली. हमालाने पोतं जिन्यातच टाकलं. शेजारच्या विभागातल्या बाईंनी नाकाला रुमाल लावला आणि कुणीतरी विचारलं की हे कमळाकरच्या घरून आलं का. सगळे हसले, मीही हसलो. पुढच्या खेपेला जरा स्वच्छ करून, वास कमी येईल असं काही करून पाठवता आलं तर बरं.

मामीला नमस्कार. माझ्यावर माया आहेच, ती या मागण्यांनी आटू देऊ नये.
आपला,
कमळाकर

---

पनवेल,
ता. २० नोव्हेंबर १९६३

चि. कमळाकर यास काशीरामचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मी घरात मोठ्याने वाचलं. जन्मभर मास्तरकी केली, आता पेन्शनीत गेलो तरी डोळ्यांनी गुपचूप वाचणं जमत नाही. वासाचा परिच्छेद गाळायला हवा होता, हे तो वाचून झाल्यावर लक्षात आलं. तुझी मामी भाकरी थापत होती, ती थापतच राहिली. तवा उतरवल्यावर मग म्हणाली की आमच्या घरची वस्तू लोकांनी नाकाला फडकं लावून घ्यावी असं आजवर झालं नाय, आनि पुढं पन व्हनार नाय. एवढं बोलून ती बाजारात मासळी विकायला गेली.

तू शाळेला आमच्याकडे होतास तेव्हा ती तुझा शर्ट चुलीपासून लांब, मागच्या दारी वाळत घालायची. वर्गात तुला कुणी काही बोलू नये म्हणून. तुला आठवत नसेल.

औषध निघाल्याचं मी कुणालाही सांगितलेलं नाही. फक्त पोस्टमास्तर, स्टँडवरचा चहावाला आणि शाळेतले जुने सहकारी यांच्या कानावर घातलं आहे. ‘शकेल’वर जोर द्यायला मी विसरलो नाही, पण पनवेलला तो शब्द फारसा ऐकू येत नाही. शेजारची कृष्णाबाई सुजलेला गुडघा घेऊन रोज आपल्या ओट्यावर येऊन बसते आणि बाटली कधी येणार ते विचारते.

माल लवकरच पाठवतो. प्रकृतीला जप आणि आमची आठवण ठेव.
तुझा मामा,
काशीराम

---

पनवेल,
ता. १० डिसेंबर १९६३

चि. कमळाकर यास अनेक आशीर्वाद.

आज चांदण्यांची टोपली रवाना केली आहे. (विठू त्यांना चांदण्या म्हणतो, आणि घरातही आता तेच नाव पडलं आहे.) या खेपेला उघडून बघ आणि कुणाला रुमाल काढावा लागतो का ते कळव. तुझ्या मामीने त्या आपल्या हाताने धुतल्या, उन्हात वाळवल्या आणि स्वच्छ फडक्यात बांधल्या. लग्नाच्या रुखवतात ठेवल्या असत्या तरी शोभल्या असत्या.

इकडे एक भांडण झालं आहे. धुणं आटोपल्यावर मामीने त्याच घमेल्यात पाणी भरून बाजारासाठी आणलेल्या खाडीच्या चिखलातल्या जिवंत निवट्या सोडल्या होत्या. तुला निवट्या किती आवडतात ते मी सांगायला नको. सकाळी पाहतो तर सगळ्या पोट वर करून तरंगत होत्या. आदल्या संध्याकाळी कृष्णाबाई घमेल्यात डोकावून, काय बाई माजल्यात, असं म्हणून गेली होती. झालं. मामीने मीठ-मोहरी ओवाळून चुलीत टाकली आणि कृष्णाबाईला ऐकू जाईल अशा बेताने दृष्टीबद्दल चार गोष्टी भिंतीला सांगितल्या. तेव्हापासून गुडघा ओट्यावर यायचा बंद झाला आहे. तेवढीच मला शांतता.

खुशाली लिहीत जा. तुझ्या पत्राची वाट पोस्टमास्तरसुद्धा पाहतो.
तुझा मामा,
काशीराम

---

मुंबई,
ता. २८ डिसेंबर १९६३

ती. स्व. मामा यांस,
कमळाकरचा शि. सा. न. वि. वि.

टोपली पोचली. वास अजिबात नव्हता. सगळ्यांनी हातात घेऊन पाहिल्या, आणि त्याच रुमालवाल्या बाईंनी एक चांदणी टेबलावर शोभेला मागून घेतली. मला फार बरं वाटलं. ते बरं वाटणं संध्याकाळपर्यंत टिकलं.

अर्कात काही नाही. फेस नाही, आणि रक्ताच्या पेशी तशाच गोल आणि धडधाकट राहतात. पुन्हा केलं, स्पिरिट बदललं, भांडी बदलली. सगळं तेच. सर आधी माझ्या हाताला दोष देत होते. परवा त्यांनी दार लावून घेतलं आणि विचारलं की पहिल्या वेळचा निकाल खरंच आला होता की मला तो यावासा वाटत होता. मामा, फेस त्यांनी स्वतः पाहिला होता, पण आता त्यांना वाटतं की भांड्यात साबण राहिला असेल. कदाचित राहिला नसेल, मीच राहू दिला असेल, असंही वाटत असावं. तसं ते बोलले नाहीत. आमच्या किनाऱ्यावरच्या तारामाशांत हे द्रव्य नाही, अशी ओळ त्यांनी अहवालाच्या कच्च्या मसुद्यात घातली आहे. ती ओळ छापली गेली तर माझं इथलं काम संपलं. शिष्यवृत्ती गेली तर मास्तरकी करीन, त्याची लाज नाही. पण खोटा ठरून जायचं नाही.

एकदा आणखी माल पाठवा. शेवटचा म्हणून मागतो.

आपल्या आशीर्वादावर सध्या फार भार आहे, तो तसाच राहू द्यावा.
आपला,
कमळाकर

---

पनवेल,
ता. ६ जानेवारी १९६४

चि. कमळाकर यास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र या वेळी मनातल्या मनात वाचलं. पण माझं तोंड बघून मामीने सगळं काढून घेतलं. ती म्हणते की पोरगा खोटं बोलनारा नाय, त्याला आमी वाढवलंय. तुझ्या सरांचा पत्ता मागत होती. मी दिला नाही, कारण ती खरोखर पहिल्या एसटीने निघाली असती.

नवी टोपली आज निघते आहे. एका बाबतीत निश्चिंत राहा. मालात खोट नाही, हे सरांना माझ्या नावाने सांग. या खेपेला तर मामीने कमालच केली. चांदण्या पाण्यात टाकल्या की पहिल्यांदा दुधासारखा फेस येतो, तो सगळा घाणीचा, असं ती म्हणते. फेस यायचा पूर्ण थांबेपर्यंत ती पाणी बदलत बसते. या वेळी कंबर धरली तरी उठली नाही. एक बुडबुडा म्हणून त्यांत शिल्लक ठेवलेला नाही. इतक्या काळजीने केलेल्या वस्तूवर कुणी संशय घेतला तर वाईट वाटतं.

कृष्णाबाईशी अबोला चालूच आहे. नव्या निवट्याही त्याच घमेल्यात मेल्या, त्यामुळे तो आणखी घट्ट झाला. चमत्कार असा की शेजारच्या मडक्यातल्या चिंबोऱ्या ठणठणीत आहेत. दृष्टीला चिंबोऱ्या आवडत नसाव्यात.

धीर सोडू नकोस. आम्ही दोघं तुझ्या पाठीशी आहोत, तेवढं धरून चाल.
तुझा मामा,
काशीराम

---

मुंबई,
ता. ९ जानेवारी १९६४

ती. स्व. मामा यांस,
शि. सा. न.

मामीला सांगा, धुवू नकोस. तिच्या पाया पडतो, पण धुवू नकोस. तो फेस घाणीचा नाही. तो फेस म्हणजेच ते द्रव्य. मामीने कंबर मोडून गटारात ओतला तो माझा प्रबंध होता.

निवट्याही त्यानेच मेल्या. हे द्रव्य माशांच्या कल्ल्यांना सोसत नाही, आणि फेस घमेल्याला चिकटून राहिला असणार. कृष्णाबाई निर्दोष आहे.

सरांना इतक्यात काही सांगत नाही, कारण नुसतं सांगून ते मानणार नाहीत. न धुतलेल्या चांदण्या पाठवा. वास कितीही येऊ दे.

घाईत आहे. राग न धरता माया करावी.
कमळाकर

---

पनवेल,
ता. ३० जानेवारी १९६४

चि. कमळाकर यास अनेक आशीर्वाद.

विठूची होडी दुरुस्तीला होती म्हणून उशीर झाला. टोपली आज निघाली आहे. पोस्टमास्तरला ‘न धुतलेला माल’ या शब्दांचा अर्थ समजावून सांगितला, तरी तो माझ्याकडे वेगळ्याच नजरेने पाहत होता.

तुझं पत्र मामीला वाचून दाखवलं. स्वच्छ ठेवलं म्हणून पोराचं नुकसान झालं, हे तिला कुठे ठेवावं ते कळेना. वास येतो असं लिहून तूच हे धुणं सुरू केलंस, हे मी तिच्यापुढे बोललो नाही. तुझ्यापुढे बोलतो.

चांदण्यांना तिने बोटही लावलं नाही, मी स्वतः उभा होतो. पण घाण माल घाण टोपलीतून पाठवायला तिचा जीव होईना. तेव्हा टोपली तेवढी तिने रिठ्याच्या पाण्यात बुडवून काथ्याने खसखसून घासली आणि ओलीच भरली. वर केळीचं पान आणि पानावर अबोलीची वेणी. तेवढं तिचं मन मी राखलं. तुझी काही हरकत नसावी.

निकाल कळव. तुझ्या यशाला आम्ही इथून हात जोडले आहेत.
तुझा मामा,
काशीराम

---

मुंबई,
ता. ५ फेब्रुवारी १९६४

ती. स्व. मामा यांस,
कमळाकरचा शि. सा. न. वि. वि.

टोपली आणि आपलं पत्र एकाच दिवशी आलं. टोपली सकाळी आणि पत्र संध्याकाळी. मधल्या वेळात माझ्याइतका सुखी माणूस मुंबईत नव्हता.

फेस भांड्याबाहेर आला. पेशी फुटल्या. सरांनी माझ्या पाठीवर हात ठेवला आणि ती ओळ खोडायला पेन काढलं. तेवढ्यात शिपायाने आपलं पत्र आणून दिलं, आणि मी ते उभ्या उभ्या वाचलं. मामा, रिठ्याचा फेसही त्याच जातीचा असतो. तोही रक्ताच्या पेशी फोडतो. भांड्यात आला तो फेस चांदण्यांचा की मामीच्या टोपलीचा, हे ब्रह्मदेवालाही सांगता आलं नसतं.

पत्र खिशात घालता आलं असतं. तसं मनात आलं, हे आपल्यापासून लपवत नाही. पण सरांचं पेन टेकण्याआधी मी ते त्यांच्यापुढे ठेवलं आणि हा निकाल धरू नका म्हणालो. मग धुण्याची आणि निवट्यांची सगळी गोष्ट सांगितली. सरांनी टोपलीवरची अबोलीची वेणी उचलून टेबलावर ठेवली. मग म्हणाले की हातात आलेला फेस जो स्वतःहून परत करतो, तो पहिल्या वेळी खोटं बोलला असेल असं मला वाटत नाही. निवट्यांबद्दल मात्र त्यांनी पुन्हा पुन्हा विचारलं. चांदण्यांचं पाणी न लागलेल्या मडक्यातल्या चिंबोऱ्या जगल्या हे ऐकून तर ते उठून उभेच राहिले.

१६ तारखेच्या रविवारी ते माझ्याबरोबर पनवेलला येत आहेत. स्पिरिटच्या बरण्या आम्ही आणू. विठूमामांनी चांदण्या दर्याच्याच पाण्यात, नव्या कोऱ्या मडक्यात आणाव्यात. सर शाकाहारी आहेत, पण मामीला भेटायचं असं त्यांनी स्वतःहून सांगितलं आहे.

आपला लोभ आजवर पुरला, रविवारपर्यंत पुरवावा.
आपला,
कमळाकर

---

पनवेल,
ता. ९ फेब्रुवारी १९६४

चि. कमळाकर यास अनेक आशीर्वाद.

सर येणार हे कळल्यापासून आमच्या घराला पाण्याशिवाय दुसरं काही दिसलेलं नाही. ओटा धुऊन झाला, भिंतींना चुना झाला, आज अंगण चाललं आहे. नवं मडकं अजून रिकामं आहे, तरी मी ते आतल्या खोलीत कुलूप लावून ठेवलं आहे आणि किल्ली करगोट्याला बांधली आहे. माझा कुणावर अविश्वास नाही, पण तुझ्या मामीचा हात रिकामा राहत नाही.

वाळत घातलेले बोंबील कृष्णाबाईच्या परसात हलवले आहेत. हो, दोघी बोलायला लागल्या. मामीने माफी वगैरे मागितली नाही, निवट्यांचं कालवण नेऊन दिलं. कृष्णाबाईला मात्र थोडी हळहळ आहे. आपली दृष्ट एवढी जबर असल्याचं ऐकून तिला आळीत जरा मान आला होता.

काल ऊद घातल्यावर मामी माझ्याजवळ येऊन बसली. तिने विचारलं की एवढं करून पन साहेबाला वास आला, तर पोराला कमीपना येल का. मी मास्तर असलो तरी या प्रश्नाचं उत्तर तुझ्याकडूनच यायला हवं. तू दे.

तुझी वाट पाहतो आहोत.
तुझा मामा,
काशीराम

---

मुंबई,
ता. १२ फेब्रुवारी १९६४

ती. स्व. सौ. मामीस,
कमळाकरचा शि. सा. न.

हे कार्ड तुला आहे. मामा वाचून दाखवतील. त्यांनी ते मोठ्याने वाचावं आणि काही गाळू नये.

बोंबील परत अंगणात घाल. ऊद घालू नकोस. सर येतील तेव्हा आपल्या घराला आपल्या घराचा वास असू दे. प्रयोगशाळेत मी त्या दिवशी सगळ्यांबरोबर हसलो होतो, तेव्हापासून मला कमीपणा आहे. तुझ्यामुळे कधीच आला नव्हता.

मी सरांच्या आदल्या दिवशीच, शनिवारी येतो. एकच शर्ट आणतो आहे. तो संध्याकाळी धुशील, तुला सांगून उपयोग नाही. पण मागच्या दारी नको, चुलीपाशी वाळत घाल.

माझ्यावर आहे तशीच माया असू दे.
तुझा,
कमळाकर