परचक्रातला हुकूम

आबा,

आधी वस्तुस्थिती, आणि ती क्रमाने. जर्मन सैन्याने डेन्मार्क व्यापला. राजा आणि मंत्रिमंडळ राजधानीतच राहिले. वॉशिंग्टनमधील त्यांच्या राजदूताने जाहीर केले की परक्यांच्या धाकाखाली निघालेले हुकूम आपण मानणार नाही. पुढे त्याने राजाच्या नावाने, पण राजधानीला न विचारता, ग्रीनलंडमध्ये अमेरिकेला तळ उभारू देणारा करार केला. राजधानीने त्याला बडतर्फ केले, देशद्रोही ठरवले. युद्ध संपल्यावर मुक्त झालेल्या देशाने आरोप मागे घेतला आणि त्याची सही मान्य केली.

यातले तुम्हाला काहीच नवे नाही. हे मला तुम्हीच सांगितले होते. चोपड्याचे आपले स्वयंपाकघर. शाळेतून आल्यावर इतिहासाचे मास्तर, म्हणजे तुम्हीच, भरिताला बसले आहेत, कपाशीच्या वाळक्या पऱ्हाट्यांच्या जाळावर भाजलेल्या वांग्यांची साले काढताहेत, मधूनच बोटे फुंकताहेत. मी नववीत आहे आणि राजदूत मला मुळीच पसंत नाही. “उद्या शाळेचा शिपाई म्हणेल, हेडमास्तर दडपणाखाली आहेत, मी घंटा वाजवत नाही. चालेल?” आई हसते. तुम्ही हसत नाही. “राजाच्या छातीवर बंदूक आहे, बाई. तोंड राजाचं, पण बोलतंय कोण?” मी विचारते, मग जो तो आपल्या सोयीने ठरवणार का? “तो धोका आहेच,” तुम्ही म्हणता. “पण सोय बघायची असती, तर हा गप्प बसून पगार घेत राहिला असता. त्याला काय गमवावं लागलं ते बघ, आणि मीठ दे इकडे.”

देहदानाचे तुम्ही धडधाकट असताना ठरवले होते. “जन्मभर फळ्यापुढे उभा राहिलो, आता टेबलावर पडून शिकवीन.” शेवटच्या आठवड्यात तुमचे भाऊ, नाना, तुमच्या पायथ्याशी बसून होते. “तुले कॉलेजना पोरे चिरतीन, भाऊ. मंग आम्ही गावमा काय तोंड दखाडूत?” असे ते दिवसभर म्हणत राहिले, आणि तुमचे पायही तेच चेपत राहिले. संध्याकाळी तुम्ही म्हणालात, “बरं. वावरमाच जाळा.” मग माझ्याकडे पाहिलेत.

आई आधीच गेलेली, मी एकुलती; संमती माझीच लागणार होती. मी राजदूताचा निवाडा लावला आणि तुम्ही गेल्यावर तुम्हाला धुळ्याच्या वैद्यकीय महाविद्यालयात नेले. गावाचे दार त्या दिवशी मला बंद झाले. नाना आजही समोरून आले तर रस्ता ओलांडतात. गमावण्याच्या तुमच्या कसोटीला मी उतरले, एवढे तरी मान्य करा.

मात्र इथेच माझा युक्तिवाद लंगडा पडतो, आणि लंगडा युक्तिवाद मी विद्यार्थ्यांचाही खपवून घेत नाही. नाना परचक्र नव्हते. ते तुमचे भाऊ होते आणि रडत होते. शिवाय राजदूताचा देश पुढे मुक्त झाला आणि त्याने स्वतः सांगितले की सही आमचीच. मला तसे सांगणारे कोणी उरले नाही. गेल्या आठवड्यात जळगावला, ज्या वर्गातून सहसा एकही प्रश्न येत नाही त्या वर्गात हाच राजदूत शिकवताना, एका मुलीने विचारले, “पण मॅडम, राजाच्या मनात खरंच काय होतं?” पुरावा नाही, असे सांगून मी तास संपवला.

तेव्हा प्रश्न एकच: ते ‘बरं’ तुमचे होते की भावाच्या समाधानासाठी? तुमच्या त्या पाहण्यात मी आज्ञा वाचली. दुसऱ्या कोणी कदाचित शेवटचा निरोप वाचला असता.

हे पत्र कुठे टाकायचे ते मला माहीत नाही, म्हणून ते टेबलाच्या खणातच राहील. तरीही उत्तर लेखीच हवे, मोघम नको. आणि खरे सांगते, उत्तर ‘चुकलीस’ असे आले तरी चालेल. फक्त अक्षर तुमचे असावे.