इस्त्रीखालचं पांढरं कापड

३ मार्च
हिचा खोकला हटत नाही. निदान मीच केलं: फ्रिजचं पाणी. हिला गारच लागतं. आजपासून फ्रिजमध्ये बाटली ठेवणे बंद. आठवड्यात खोकला पळेल.
इस्त्रीच्या टेबलावरचं कापड परत उसवलंय, कडेनं भुसा उडतो. स्वतः शिवलं. फॅक्टरीत बॉयलरच्या पाइपांना गुंडाळायचो, त्यातलाच हा उरलेला तुकडा, पंचवीस वर्षांपूर्वी घरी आणलेला. ही त्यावर अख्ख्या बिल्डिंगचे कपडे इस्त्री करत आलीय, पण एक डाग पडेल तर शपथ. याला म्हणतात दूरदृष्टी.

११ मार्च
फ्रिज निर्दोष. आता पंख्यावर संशय. पुसायला स्टुलावर चढलो, कंबर धरली. ही शेकत बसली. खोकत खोकत.

२० मार्च
थोरल्या मुलीचा फोन. म्हणे ते कापड ॲसबेस्टॉसचं, त्याची धूळ फुप्फुसात जाऊन बसते आणि दुखणं वीस-तीस वर्षांनी वर येतं. आधी घराबाहेर काढा म्हणाली. पोरीला जास्त शिकवलं. मी जन्मभर त्यात लोळलो, मला साधं पडसं नाही. हातच्या काकणाला आरसा कशाला?

२ एप्रिल
थोरलीचं तोंड बंद करायला छातीचा एक्स-रे काढला. ही सोबत होती, जिन्यात दोनदा टेकली. डॉक्टर म्हणाले हिचाही काढू. म्हटलं, काढा. होऊन जाऊ दे.

४ एप्रिल, सकाळी
माझा एकदम स्वच्छ! थोरलीला फोन करून ठणकावून सांगितलं. तिनं विचारलं, आईचा?
हिच्यात काहीतरी दिसतंय म्हणाले. मशीन जुनं असणार.

१८ एप्रिल
मोठ्या डॉक्टरांनी हिच्या छातीतलं पाणी काढलं. आजाराचं नाव दोनदा सांगितलं. माझ्या कानात शिरलं नाही. थोरलीनं त्यांना कापडाचं सांगितलं होतं. त्यांनी विचारलं, त्या कापडावर रोज काम कोण करायचं? सांगितलं, ही. मी नुसतं आणलं होतं.

२३ एप्रिल
कापड न्यायला थोरलीनं बोलावलेली दोन माणसं आली. नखशिखांत पांढरे सूट, तोंडावर मास्क. आधी कापडावर पाणी मारलं, मग दुहेरी पिशवीत बांधायला घेतलं. हिला म्हणाले, लांब उभ्या राहा. ही दारातूनच बोलली, "सांभाळून हं, कडेला उसवतं ते. यांनी आत्ताच शिवलंय."
मला हिच्याकडे बघवेना. भीती वाटते.
संध्याकाळी फ्रिजमध्ये पाण्याची बाटली ठेवली. हिला गार लागतं.