रुसैलच्या फिल्मवर माझं नाव नाही

प्रिय अब्बा,

सलाम. मी इथे मस्कतला बरी आहे. खोलीला एसी आहे, जेवणही वेळेवर होतं. अम्मीचा गुडघा आता कसा आहे?

इथल्या रुसैल औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात कामगारांच्या सुरक्षेवर फिल्म केली. आपल्या श्रीवर्धनकडच्या जहूरभाईंनी कॅमेऱ्यासमोर सरळ सांगितलं, "हातमोजे घातले की हात मंद चालतो, मग सुपरवायझर ओरडतो." मी ते ठेवलं. आमचा अर्बाब, म्हणजे आमच्या फिल्म कंपनीचा मालक, म्हणाला, "हे काढ. माणसं कशाला बोलायला हवीत? हेल्मेट दाखव, खलास."

फिल्म स्कूलला जाताना मी तुम्हाला अमेरिकेची गोष्ट सांगितली होती, आठवतं? पन्नासेक वर्षांपूर्वी तिथल्या स्टुडिओंचे भपकेदार सिनेमे आपटत होते, म्हणून त्यांनी सिनेमा शिकून आलेल्या तरुण पोरांच्या हातात कॅमेरा दिला. पोरांनी तो रस्त्यावर नेला, हरणाऱ्या साध्या माणसांना नायक केलं आणि तिथला सिनेमाच बदलला. हेच मी अर्बाबला सांगितलं. तो हसला.

"त्यांचा धंदा बुडत होता, बेटी. माझा बुडत नाही."

वर्गात या गोष्टीवर आम्ही टाळ्या वाजवल्या होत्या. धंद्याचं कुणी बोललं नव्हतं.

मी फार वाद घातला नाही. जहूरभाईंची नोकरी टिकायला हवी. आता फिल्ममध्ये त्यांच्या जागी स्वच्छ हातमोजे घातलेला एक मॉडेल हसतो.

तुम्ही मोहल्ल्यात दाखवायला फिल्म मागितली होती. पाठवते, पण शेवटी माझं नाव शोधू नका. ते मीच काढायला लावलं.

अम्मीला यातलं काही वाचून दाखवू नका, एसीचं तेवढं सांगा.

तुमची,
माहनूर